शकुंतला आगगाडीची चाकरी व निवृत्ति

आपल्या इंझोरीच्या परिसरांत नावा चालतील अशी मोठी नदी नाहीं. अरुणावती आणि अडाण ह्या नद्या आपल्याच मुलुखांतून वाहतात खऱ्या, परंतु धरणांचें पाणी सोडलें तर वैशाखांत त्यांच्या पात्रांतून बैलगाडी कोरडीच पार होते. त्यामुळें मोटारी आणि माणसें एकदमच पाठीवर घेऊन नदी उतरविणारी फेरीबोट ही चीज आपल्यापैकीं पुष्कळांनीं केवळ चित्रांतच पाहिलेली असते. गोमंतकांत रायबंदरहून मांडवीपलीकडील चोडण किंवा दिवाडी बेटावर जाणारे लोक अशा बोटींतून रोज येजा करितात. मोटारी बोटीवर चढतात, पलीकडच्या धक्क्यास लागल्यावर उतरतात आणि आपापल्या रस्त्यानें निघून जातात. बोट मात्र तेथल्या तेथें ह्या तीरावरून त्या तीरावर फिरत राहते. आणि एखादे दिवशीं नदीवर पूल झाला म्हणजे वर्षानुवर्षें राबलेली ती बोट एका सकाळींच निरुपयोगी ठरते.

अशा बोटींविषयीं वर्गांत बोलणें चाललें असतां एका विद्यार्थ्यानें विचारलें, "गुरुजी, आपल्याकडे अशी म्हातारी बोट कोणती?" क्षणभर मला उत्तर सुचेना. मग मीं म्हटलें, "आपली बोट जमिनीवर चालत असे. तिचें नांव शकुंतला." मुलें हंसलीं, परंतु उत्तर अगदींच थट्टेचें नव्हतें. फेरीबोटीचें काम एवढेंच कीं, ज्यांना पुढचा मोठा रस्ता गांठावयाचा आहे त्यांना ह्या कांठावरून त्या कांठावर पोंचवावयाचें. यवतमाळ, दारव्हा, कारंजा ह्या कापसाच्या मुलुखाचा पैलतीर म्हणजे मूर्तिजापूर. तेथें मुंबई-नागपूर हा लोहमार्गांचा राजरस्ता लागतो. मधले ११३ किलोमीटर, म्हणजे जुन्या हिशेबानें सत्तर मैल, उतरविण्याचें काम ह्या चिमुकल्या गाडीनें केलें.

हा मार्ग मुळांत माणसांसाठीं घातलेला नव्हता, कापसासाठीं घातलेला होता, ही गोष्ट प्रथम ध्यानांत घेतली पाहिजे. १८५३ सालीं निजामानें वऱ्हाड प्रांत ईस्ट इंडिया कंपनीच्या हवालीं केला. पुढें १८६१ ते १८६५ पर्यंत अमेरिकेंत यादवी युद्ध झालें. दक्षिणेकडील बंदरांची नाकेबंदी झाल्यामुळें लँकेशायर परगण्यांतील गिरण्यांना अमेरिकेचा कापूस मिळेना, आणि त्यांचे डोळे हिंदुस्थानाकडे वळले. कापसाचे भाव कडाडले. त्याच सुमारास ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेचे रूळ वऱ्हाडांतून पुढें सरकत होते. १८६७ सालीं ते नागपुरास पोंचले. ह्या मार्गाच्या कांठीं असलेल्या गांवांचें नशीब उघडलें. परंतु मार्गापासून दूर दक्षिणेस राहणाऱ्या शेतकऱ्याची अडचण होती तशीच राहिली.

ती अडचण किती मोठी होती हें आजच्या मुलांना हिशेब केल्यावांचून कळावयाचें नाहीं. भरलेली बैलगाडी दिवसाला दहाबारा मैल चालली तर पुष्कळ. म्हणजे यवतमाळहून मूर्तिजापूर गांठावयास जवळजवळ एक आठवडा; परत यावयास तितकेच दिवस; आणि वाटेंत बैलांची वैरण, गाडीवानाची भाकर, चोराचिलटांची भीति. अवकाळी पाऊस आला कीं आपली काळी माती चाकांना अशी धरते कीं, बैल मान टाकतात. शिवाय कापूस हा वजनानें हलका पण आकारानें अवाढव्य. वेचलेल्या कापसांत सुमारें एक तृतीयांशच रुई निघते, बाकीची सरकी. म्हणून गांवोगांवीं सरकी काढणारे जिन आणि रुई दाबून गाठी बांधणारे प्रेस उभे राहिले. आजच्या मापानें एक गाठ १७० किलोची असते. सुटी रुई जेवढी जागा व्यापते तिच्या मानानें गाठ फारच थोडी जागा घेते. जिन-प्रेस गांवांत झाले, आतां गाठी झपाट्यानें उचलून नेणारें वाहन तेवढें हवें होतें.

हें काम मुंबईच्या किलिक निक्सन ह्या ब्रिटिश पेढीनें अंगावर घेतलें. १९१० सालीं सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनी नांवाची मंडळी स्थापन झाली. वऱ्हाड १९०३ पासून मध्यप्रांतास जोडलेला होता, म्हणून हें नांव. मूर्तिजापूर ते यवतमाळ ११३ किलोमीटर, मूर्तिजापूर ते अचलपूर ७६ किलोमीटर, आणि वर्धा जिल्ह्यांत पुलगांव ते आर्वी असे तीन मार्ग ह्या कंपनीचे. पैकीं आपल्या वाशीम जिल्ह्यांतून जाणारा तो पहिला. त्यावरील कारंजा हें आपल्या बाजूचें मोठें स्टेशन, आणि त्यापलीकडे यवतमाळ जिल्ह्यांत दारव्हा-मोतीबाग. (वाशीम जिल्हा १ जुलै १९९८ रोजीं अकोल्यापासून वेगळा झाला, त्यापूर्वीं कारंज्याची गणना अकोला जिल्ह्यांतच होत असे.)

आतां रुळांच्या रुंदीविषयीं थोडें सांगितलें पाहिजे, कारण ह्या गाडीचें सुख आणि दुःख दोन्ही त्या रुंदींत आहे. मुंबई-नागपूर मार्गाच्या दोन रुळांमधलें अंतर १६७६ मिलिमीटर, म्हणजे साडेपांच फूट. शकुंतलेच्या रुळांमधलें अंतर ७६२ मिलिमीटर, म्हणजे अवघे अडीच फूट. शाळेच्या पटांगणांत खडूनें दोन जोड्या रेघा ओढून पाहा. अडीच फुटांच्या जोडींत एखादा दांडगा मुलगा पाय फाकून सहज उभा राहतो. रूळ जवळजवळ असले म्हणजे गाडी लहान, एंजिन हलकें, रूळहि हलके, पूल अरुंद, आणि वळणें तीव्र घेतां येतात. टेकडी फोडण्याऐवजीं तिला वळसा घालून जातां येतें. थोडक्या भांडवलांत पुष्कळ मैल पुरे होतात. जेथें वर्षांतले कांहीं महिनेच मालाची गर्दी असते तेथें व्यापारी मनुष्य हाच विचार करणार, आणि त्या काळीं तो चुकीचाहि नव्हता.

पण बोटींतून उतरल्यावर जसा सामानसुमानाचा खटाटोप असतो तसा येथेंहि होता. लहान गाडीची वाघीण मोठ्या रुळांवर जाऊं शकत नाहीं. म्हणून मूर्तिजापुरास प्रत्येक गाठ हमालांनीं लहान वाघिणींतून काढावयाची आणि मोठ्या वाघिणींत भरावयाची. दोनदां हमाली, दोनदां मोजदाद, आणि मधल्या वेळीं पाऊस आल्यास माल भिजण्याची धास्ती. मोठी गाडी मग त्या गाठी मुंबईस नेई, तेथून जहाजानें त्या विलायतेस जात, आणि आपल्याच कपाशीचें कापड होऊन पुन्हां वऱ्हाडच्या बाजारांत येई. त्या कापडास आपल्या शेतकऱ्याला किती मोल द्यावें लागे, हा इतिहासाच्या तासाचा विषय आहे. येथें तो लांबवीत नाहीं.

गाडीस जुंपलेल्या एंजिनाची हकिकत मात्र सविस्तर सांगण्याजोगी आहे. झेड-डी जातीचें हें वाफेचें एंजिन १९२१ सालीं मँचेस्टर येथें तयार झालें आणि १९२३ सालीं ह्या मार्गावर कामास लागलें. योगायोग पाहा: ज्या शहराच्या गिरण्यांसाठीं कापूस वाहावयाचा त्याच शहरानें वाहणारा हमालहि पाठविला.

वाफेचें एंजिन कसें चालतें हें आजच्या मुलांनीं पाहिलेलें नाहीं, म्हणून दोन शब्द. एंजिनाचा लांबट गोल देह म्हणजे पाण्यानें भरलेलें एक भक्कम पिंप. त्याला बॉयलर म्हणतात. त्याच्या मागच्या टोंकास कोळशाची भट्टी असते. भट्टींतील तप्त धूर पाण्यांतून गेलेल्या अनेक नळ्यांतून पुढें धुराड्याकडे जातो, आणि जातां जातां पाणी उकळवितो. कोंडलेली वाफ सिलिंडरांत सोडली म्हणजे ती दट्ट्याला एकदां पुढून आणि एकदां मागून ढकलते. दट्ट्या दांड्याला, दांडा चाकाला फिरवितो. काम संपलेली वाफ धुराड्यांतून जोरानें बाहेर पडते, तोच तो लहान मुलांच्या खेळांतला "झुकझुक" आवाज. दोन बाजूंस दोन सिलिंडर असल्यामुळें चाकाच्या एका फेऱ्यांत असे चार हुंकार होतात. ही वाफ केवळ वायां जात नाहीं. बाहेर पडतांना ती भट्टींतील धूर आपल्याबरोबर ओढते आणि त्यामुळें विस्तव अधिक फुलतो. एंजिन जितकें अधिक कष्ट करील तितकी आग आपोआप वाढते. ज्या कोणाला ही युक्ति सुचली त्याच्या बुद्धीचें कौतुक करावें तेवढें थोडें.

ह्या यंत्राची सेवाहि तशीच कष्टाची. गाडी सुटण्याच्या कित्येक तास आधीं भट्टी पेटवावी लागे, कारण थंड बॉयलर घाईनें तापविला तर त्याचे सांधे उकलतात. फायरमननें वाटभर फावड्यानें कोळसा टाकावयाचा, तोहि ढीग करून नव्हे, तर पातळ पसरून. ड्रायव्हरनें एक डोळा वाटेवर आणि एक डोळा पाण्याच्या कांचेवर ठेवावयाचा. बॉयलरमधील पाणी मर्यादेखालीं उतरलें तर भट्टीचें छप्पर उघडें पडून स्फोट व्हावयाचा. आपल्याकडील जड पाण्याचे क्षार आंत साचतात, ते ठराविक मुदतीनें धुवून काढावे लागत. असें हें एंजिन सत्तरांहून अधिक वर्षें राबलें. इतक्या दीर्घ काळांत त्याच्यावर किती ड्रायव्हर निवृत्त झाले असतील ह्याची कल्पनाच करावी.

गाठींच्या मागोमाग माणसें आलीं. प्रथम व्यापारी व कारकून, मग बाजारकरी, लेकीबाळी, दवाखान्यास निघालेले रोगी, यात्रेकरू. कारंजें हें श्रीनृसिंहसरस्वतींचें जन्मस्थान म्हणून प्रसिद्ध आहे, जुन्या जैन मंदिरांसाठींहि त्याची ख्याति आहे. तिकडे जाणारे भाविक ह्याच गाडीनें येत. पुढें पुढें कापूस कमी आणि माणसें अधिक असें होत गेलें, आणि गाडीस लोकांनीं आपलेपणानें "शकुंतला" म्हणावयास आरंभ केला. कागदोपत्रीं कंपनीचें नांव कांहींहि असो, वऱ्हाडांतल्या खेडुतास सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे म्हणून विचाराल तर तो मान हलवील. शकुंतला म्हणाल तर स्टेशनाची वाट दाखवील.

मीं स्वतः लहानपणीं आजीबरोबर कारंज्याहून मूर्तिजापूरपर्यंत ह्या गाडीनें प्रवास केला आहे. खिडकींतून डोकें बाहेर काढूं नये म्हणून आजीनें दम दिला होता. तो न मानल्याचें फळ म्हणून डोळ्यांत कोळशाची कणी गेली, आणि उरलेला प्रवास मीं तिच्या पदरांत तोंड घालून केला. तरीहि रुळांच्या अगदीं जवळ आलेलीं पऱ्हाटीचीं झाडें, वळणावर आपल्याच गाडीचें एंजिन दिसणें, आणि एका स्टेशनावर कोणी म्हातारा धांवत येत आहे असें पाहून गार्डानें शिटी तोंडाजवळ नेऊनहि न वाजवितां थांबणें, हें मला आजहि स्पष्ट आठवतें. वेळापत्रकाच्या दृष्टीनें तो अपराधच. पण त्या म्हाताऱ्याला दुसरी गाडी दुसऱ्या दिवसाखेरीज नव्हती, आणि गार्डाला हें ठाऊक होतें.

गाडीचा कारभारहि घरगुती थाटाचा होता. शेवटच्या काळांत सातेक माणसांची टोळी सारी कामें उरकीत असे. गार्डच तिकिटें देई; वाटेंत रस्ता आडवा आला कीं गाडी उभी करावयाची, बरोबरच्या माणसानें उतरून फाटक लावावयाचें, गाडी पलीकडे न्यावयाची, पुन्हां फाटक उघडावयाचें, आणि मग त्यानें धांवत येऊन चढावयाचें. एंजिन सोडणें, जोडणें, सांधा बदलणें, सिग्नल देणें हेंहि तेच करीत. वेग ताशी २० किलोमीटरच्या आसपास. म्हणजे ११३ किलोमीटरांस नुसतें चालण्याचेच साडेपांच तासांहून अधिक लागणार. थांबे आणि फाटकें निराळींच. कोणी म्हणेल, ह्यापेक्षां मोटार बरी. बरी खरी, परंतु तिचें भाडें ज्याला परवडत नसे त्याच्या दृष्टीनें वेगाचा प्रश्नच उद्भवत नव्हता.

१५ एप्रिल १९९४ रोजीं त्या वाफेच्या एंजिनास कामावरून कमी करण्यांत आलें आणि त्याच्या जागीं डिझेल एंजिन आलें. भट्टी पेटविण्याचे तास वांचले, कोळशाच्या कण्या गेल्या. परंतु एंजिन तरुण झालें तरी रूळ म्हातारेच राहिले. झिजलेल्या रुळांवरून आणि कुजक्या स्लीपरांवरून वेगानें जाणें धोक्याचें, म्हणून वेग कमी करावयाचा. वेग कमी म्हणून प्रवासी कमी. प्रवासी कमी म्हणून उत्पन्न कमी. आणि उत्पन्न नाहीं म्हणून दुरुस्ति नाहीं. ह्या चक्रांत जी सांपडली ती बोट असो कीं आगगाडी असो, बाहेर निघणें कठीण.

ह्याच्या जोडीला मालकीची एक विलक्षण गुंतागुंत होती. मार्ग कंपनीचा, पण त्यावर गाडी चालविण्याचें काम आरंभापासून ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेकडे होतें. १९५१ सालीं मध्य रेल्वे स्थापन झाल्यावर तें काम तिच्याकडे आलें. परंतु रूळ आणि जमीन खाजगी कंपनीचीच राहिली. देश स्वतंत्र झाला, देशांतील रेल्वे राष्ट्राच्या झाल्या, आणि आपल्या वऱ्हाडांतला हा एवढासा मार्ग मात्र जुन्या करारावर तसाच चालत राहिला. सरकारनें कंपनीस मोबदला द्यावयाचा आणि करार मुदतीमुदतीनें नवा करावयाचा, अशी व्यवस्था. भाड्याच्या घराचें छप्पर गळूं लागलें म्हणजे मालक म्हणतो भाडेकऱ्यानें शाकारावें, भाडेकरी म्हणतो मालकानें. पाऊस दोघांसाठींहि थांबत नाहीं. माझ्या मतें ह्या गाडीला रस्त्यावरच्या मोटारींनीं जितकें मारलें तितकेंच ह्या दुहेरी मालकीनें मारलें.

मोटारींचा वांटा नाकारतां येणार नाहीं. १९४८ सालीं राज्य परिवहनाची पहिली बस पुणें-अहमदनगर मार्गावर निघाली आणि पुढील दशकांत ती लाल गाडी खेडोपाडीं पोंचली. मालट्रक तर थेट जिनाच्या दारांत येऊन उभा राहतो. मूर्तिजापूरच्या हमालीची त्याला गरज नाहीं. १९७२ सालीं महाराष्ट्रांत कापसाची एकाधिकार खरेदी सुरू झाली, तोंवर मालाची वाहतूक बहुतेक रस्त्यावर गेलेली होती. ज्या ओझ्यासाठीं गाडी जन्मास आली तें ओझेंच तिच्या डोक्यावरून उतरलें, आणि उरले ते गरीब उतारू. कांहीं वेळां गाडी बंद पडे, लोक अर्जविनंत्या करीत, पुन्हां सुरू होई. अखेर यवतमाळकडची आणि तिच्यामागून अचलपूरकडचीहि फेरी थांबली. आज दोहोंपैकीं एकाहि मार्गावर गाडी धांवत नाहीं.

कालिदासाच्या नाटकांत दुष्यंत राजा शकुंतलेस विसरतो, आणि अंगठी सांपडल्यावर त्याला तिची आठवण होते. आमच्या शकुंतलेची अंगठी अजून कोणा कोळ्यास गवसलेली नाहीं, असें मी वर्गांत विनोदानें म्हणत असतों. गोमंतकांतील बोटींना मात्र एकदां तशी अंगठी गवसली होती. पणजीस मांडवीवर पूल झाल्यावर बेतीकडे जाणाऱ्या बोटींचें महत्त्व पारच कमी झालें. पण ५ जुलै १९८६ रोजीं तो पूल कोसळला, आणि नदीच्या दोन्ही तीरांवरचे लोक पुन्हां बोटींच्या धक्क्यावर रांगा लावून उभे राहिले. नवा पूल होईपर्यंत उत्तरेकडील लोकांना पणजीस आणण्याचा मोठा भार ह्याच बोटींनीं वाहिला. बोट धक्क्यास बांधून ठेवली तर तिला पुन्हां सोडतां येतें, कारण नदी कोठें जात नाहीं. आगगाडीचें तसें नाहीं. रुळांखालची खडी गवतानें झांकली, स्लीपर कुजले, म्हणजे नुसतें एंजिन शाबूत राहून उपयोग नाहीं. सारी वाट नव्यानें बांधावी लागते.

ती नव्यानें बांधावी, आणि रुंद रुळांची बांधावी, ही ह्या भागांतील लोकांची फार दिवसांची मागणी आहे. सरकारनें रुंदीकरणाची घोषणाहि केली, त्यामुळें आशा पालवली. दुसरे कित्येक लोक म्हणतात कीं, थोडा तरी भाग जुन्याच रूपांत ठेवावा आणि त्यावर पाहुण्यांसाठीं गाडी चालवावी. दोन्ही म्हणणीं मीं ऐकलीं आहेत. कारंज्याच्या बाजारांत भाजी विकणाऱ्या बाईला जुन्या रूपाचें कौतुक फारसें नाहीं. तिला पहाटे निघून दुपारीं परत यावयास स्वस्त गाडी पाहिजे आहे, आणि माझा कौल तिच्या बाजूनें आहे. जुनीं लहान एंजिनें ज्यांना पाहावयाचीं असतील त्यांच्यासाठीं नागपूरच्या मोतीबाग येथें २००२ सालापासून अरुंद मार्गाचें रेल्वे संग्रहालय आहे. सहलीस जाणाऱ्या वर्गांनीं तें अवश्य पाहावें. मात्र नागपूरचें मोतीबाग आणि दारव्ह्याचें मोतीबाग ह्यांची गल्लत करूं नये.

दरम्यान दुसऱ्या बाजूनें एक नवीन मार्ग येत आहे. वर्ध्याहून यवतमाळ, दारव्हा, दिग्रस, पुसद असा नांदेडकडे जाणारा रुंद लोहमार्ग बांधला जात असून त्यांपैकीं वर्धा ते कळंब हा भाग २८ फेब्रुवारी १९२४ नव्हे, २०२४ रोजीं सुरू झाला. (जुन्या गाडीविषयीं लिहितां लिहितां लेखणी शंभर वर्षें मागें गेली, वाचकांनीं क्षमा करावी.) हे रूळ पुढें सरकत दारव्ह्यास पोंचले म्हणजे आपल्या मानोरा तालुक्यांतील मुलांना आगगाडी पाहावयास दूर जावें लागणार नाहीं. त्या रुळांमधलें अंतर साडेपांच फूट असेल, आणि शकुंतलेचें म्हातारें एंजिन त्यावर आणून ठेवलें तर त्याचें एका बाजूचें चाक रुळावर आणि दुसऱ्या बाजूचें खडींत पडेल.